लिनो व्हेंतुरा: हा माणूस 'नट' होता का?

शिळोप्या
काल रात्री बायकोबरोबर 'लार्मे देझ ओंब्र' पाहिला. म्हणजे 'सावल्यांची फौज', फ्रेंच दिग्दर्शक मेलव्हिलचा, १९६९ चा, दुसऱ्या महायुद्धात जर्मनांविरुद्धच्या फ्रेंच प्रतिकारावरचा. मी तिसऱ्यांदा, ती पहिल्यांदा. जवळजवळ अडीच तास आहे आणि संथ आहे, त्यामुळे धाकधूक होतीच. तासाभराने ती म्हणाली, "अरे हा माणूस काहीच करत नाहीये." म्हटलं मग झोप जाऊन. तर म्हणे, "झोपू कशी, तो काय करतोय ते बघायचंय ना."

तेव्हापासून डोक्यात हेच चाललंय.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. लिनो व्हेंतुरा, जन्म १४ जुलै १९१९, इटलीतलं पार्मा. लहानपणीच आईबरोबर पॅरिसला आला, शाळा लवकर सुटली, पडेल ती कामं केली. मग कुस्ती, तीही नाव काढण्याइतकी. पाय मोडल्यावर कुस्ती गेली आणि वयाच्या चौतिसाव्या वर्षी पहिला सिनेमा, तोसुद्धा थेट जाँ गाबँसारख्या बड्या फ्रेंच नटासमोर. अभिनयाचं शिक्षण शून्य. त्यानंतर १९८७ मध्ये जाईपर्यंत फ्रान्सचा लाडका.

या सिनेमातला तो न्हाव्याच्या दुकानातला प्रसंग आठवा. गेस्टापोच्या तावडीतून निसटून हा रात्रीच्या पॅरिसमधे जीव खाऊन पळतो आणि दिवा दिसला म्हणून एका दुकानात घुसतो. भिंतीवर मार्शल पेतँचं, म्हणजे जर्मनांशी जुळवून घेणाऱ्या तेव्हाच्या फ्रेंच सरकारच्या प्रमुखाचं पोस्टर. म्हणजे न्हावी सरकारधार्जिणा असणार, आपण मेलो. हा खुर्चीत बसतो, दाढी करायला सांगतो. वस्तरा गळ्यावर. दोघंही जवळजवळ गप्प. छाती अजून धपापतेय आणि ती धाप दाबायची एवढंच काय ते त्याचं काम. दाढी झाल्यावर पैसे ठेवून, सुट्टे न घेता हा निघतो, तर न्हावी आतून एक वेगळ्या रंगाचा कोट आणून देतो. बास. माझ्या अंगावर दरवेळी काटा येतो.

प्रश्न असा की याला अभिनय म्हणायचं का? की हा नुसता असा 'होता' आणि शहाण्या दिग्दर्शकांनी त्याच्यावर कॅमेरा लावला? मारामारी न करता बोला.

पॉपकॉर्न_आज्जी
मारामारी न करता? मग धागा काढलास कशाला :) बसले मी.

सदाशिवपेठी
आधी उच्चार ठरवा. व्हेंतुरा, वेंचुरा की वाँत्युरा?

तूलूजकर
इथले लोक साधारण 'व्हान्त्यूरा' म्हणतात, इटालियन 'वेन्तूरा'. त्याचा जन्म तिकडचा, आयुष्य इकडचं, त्यामुळे दोन्ही चालतील. आणि बहुतेक जण आडनाव घेतच नाहीत, नुसतं 'लिनो'. खरं नाव आंजोलिनो, म्हणजे छोटा देवदूत. तो चेहरा आणि हे नाव!

मी फ्रान्समधे अकरा वर्षं आहे, तूलूजला. सविस्तर लिहितो संध्याकाळी, आत्ता ऑफिसात आहे.

बिनपाण्याची
माझं मत विरोधात. मी हौशी रंगभूमीवर वीस वर्षं काम करते, त्यामुळे जरा जीव तोडून लिहिते. अभिनय म्हणजे परकाया प्रवेश. नटाने एका नाटकात म्हातारा आणि दुसऱ्यात पोरगा व्हायला पाहिजे, निदान तसा प्रयत्न तरी करायला पाहिजे. व्हेंतुराचे मी चार सिनेमे पाहिलेत आणि चारही सिनेमांत एकच माणूस आहे, एकच ओव्हरकोट आहे आणि भुवया पण त्याच. तो पोलीस असो की दरोडेखोर, फरक फक्त पगार कोण देतं एवढाच. माणूस म्हणून भारदस्त, मान्य. पण भारदस्तपणा हा गुण आहे, कला नाही. तसं तर आमच्या सोसायटीचे वॉचमनकाकापण भारदस्त आहेत.

'गार्द आ व्ह्यू' बघा (१९८१, क्लोद मिलेर). थर्टी फर्स्टची रात्र, पोलीस चौकी, जवळजवळ सगळा सिनेमा एका खोलीत. दोन लहान मुलींच्या खुनाच्या संशयावरून एका प्रतिष्ठित वकिलाची चौकशी चालू आहे. वकील मिशेल सेरो, इन्स्पेक्टर व्हेंतुरा. सेरो काय काय करतो त्यात! तिरकस, घाणेरडा, केविलवाणा, मधेच तुम्हाला त्याची दया येते आणि स्वतःचीच लाज वाटते. फ्रान्सचा सेझार पुरस्कार कोणाला मिळाला? सेरोला. व्हेंतुरा त्या खोलीतलं फर्निचर आहे. चांगल्या सागवानी लाकडाचं, पण फर्निचरच.

शिळोप्या
@बिनपाण्याची, सागवानी :) :) हे बायकोला वाचून दाखवलं, ती तुमच्या पार्टीत आली.

अनुस्वार
फर्निचर नाही हो. 'गार्द आ व्ह्यू' परत बघा आणि सेरो बोलत असताना फक्त व्हेंतुराकडे बघा. तो ऐकतोय. खरंच ऐकतोय. नटांपैकी निम्मे लोक समोरचा बोलत असताना आपलं पुढचं वाक्य मनात घोळवत असतात, तुम्हालाही माहितीये हे, स्टेजवर रोज बघत असाल. याला वकिलाचं पटायला लागतं, मग पटत नाही, मग स्वतःचाच राग येतो, आणि हे सगळं नजर एखादा सेकंद जास्त रोखून धरण्यात. सेरोच्या फटकेबाजीला भिंत हवी होती. चेंडू मऊ भिंतीवर टाकलात तर परत येत नाही.

मी_कोल्हापुरी
अभिनयाचं तुमचं चालू दे, मी कुस्तीवर बोलतो कारण सगळ्यांनी एका वाक्यात कुस्ती उरकली.

माणूस आधी ग्रीको-रोमन खेळायचा. ही कुस्ती आपल्यासारखी नव्हं. कमरेखाली हात लावायचा नाही, म्हणजे पट काढायचा नाही, टांग मारायची नाही. सगळा खेळ मान, खांदे, छाती आणि कवळ. समोरच्याला उराशी धरून उचलायचं आणि टाकायचं. त्यामुळं ग्रीको-रोमनवाल्याची मान आणि वरचं अंग वेगळंच बनतं, गडी उभा राहिला की दरवाजा लावल्यासारखा. आता त्याचा कुठलाबी सिनेमा काढा आणि तो खोलीत शिरतो कसा ते बघा. खांदे आधी येतात, मागनं माणूस. आणि कुणी बोलायला लागलं की मान वळवत नाही, अख्खा वळतो. तालमीत चार-पाच वर्षं काढलेला कुणीबी सांगंल हे.

पुढं तो पैशाच्या कुस्तीत गेला, तिकडं तिला 'कॅच' म्हणत्यात, दारा सिंग आणि किंगकाँग खेळायचे तसली. १९५० ला युरोपचा चॅम्पियन झाला आणि त्याच साली आँरी कोगाँ नावाच्या पैलवानाबरोबरच्या लढतीत पाय मोडला. खेळ संपला. मग काही वर्षं दुसऱ्यांच्या कुस्त्या लावायचा धंदा केला.

आमच्या वस्तादांचं एक होतं, सलामी झाल्यावर जो आधी हलला त्यानं आधी चूक केली. हा माणूस आयुष्यभर कॅमेऱ्यासमोर आधी हललाच नाही. तुम्ही ह्याला अभिनय म्हणा नाहीतर काय म्हणायचं ते म्हणा.

चहाटळ
वरची प्रतिक्रिया फ्रेम करून लावा.

निशाचर
+१ कोल्हापुरी. आणि गंमत म्हणजे पाय मोडणारा तो कोगाँ पुढे स्वतःच सिनेमात आला, मारामाऱ्या आणि छोटीमोठी कामं करायचा. 'ले तोंतों फ्लँगर' मधे दोघं एकत्र आहेत. आपण ऑफिसात ज्याने अप्रेझलला वाट लावली त्याच्याबरोबर कॅन्टीनला जात नाही :(

तूलूजकर
आलो. 'तोंतों' चा विषय निघालाच आहे तर आता लांबड लावतो, कंटाळा आला तर पुढे सरका.

'ले तोंतों फ्लँगर', १९६३, दिग्दर्शक जॉर्ज लोत्नेर, संवाद मिशेल ओदियार. नावाचा अर्थ साधारण 'बंदूकवाले काका'. गोष्ट अशी की फेर्नां नावाचा एक माजी गुंड आता मोंतोबाँ गावात शेतीची यंत्रं विकून सुखात राहतोय. पॅरिसचा जुना दोस्त मरायला टेकलाय आणि मरताना आपले काळे धंदे आणि तरुण मुलगी दोन्ही याच्या गळ्यात बांधून जातो. बाकीचे गुंड अर्थातच खवळतात. गाबँच्या नावाचा विचार आधी झाला होता, जमलं नाही, आणि भूमिका लिनोकडे आली. म्हणे त्याला स्वतःलाच शंका होती की आपल्याला विनोदी काम जमेल का.

यातला किचनचा सीन फ्रेंच लोकांना पाठ आहे म्हणजे अक्षरशः पाठ. बाहेर पोरीची पार्टी चालू, आणि आत चार-पाच बाप्ये गुंड पाहुण्यांसाठी पावाच्या तुकड्यांना लोणी लावत बसलेत. प्यायचं चांगलं काही उरलेलं नाही म्हणून कपाटातून एक जुनी बाटली निघते, आपल्याकडच्या पहिल्या धारेच्या हातभट्टीची थोरली बहीण. एकेक घोट घेतात, डोळ्यांत पाणी, आवाज बसलेला, आणि मग अतिशय गंभीरपणे यात नक्की कसलं फळ असावं यावर चर्चा. बेर्नार ब्लिए, जाँ लफेव्र, फ्रांसिस ब्लांश, सगळे एकापेक्षा एक चढाओढ करतायत आणि लिनो? लिनो नुसता पितो आणि जुन्या आठवणी काढल्यासारखा बसतो. सगळ्यात जास्त हसू त्याला बघून येतं. कारण त्याला हे विनोदी आहे हे माहीतच नाही.

मी इथे नवीन असताना लंचला टेबलावरचे लोक अचानक एखादं वाक्य फेकायचे आणि सगळे फिस्सकन हसायचे, मी मठ्ठासारखा. सहा महिन्यांनी एका सहकाऱ्याने दया येऊन घरी बोलावून सिनेमा दाखवला. त्या बोलीतलं, म्हणजे पॅरिसच्या गुंडांच्या बोलीतलं, मला निम्मंसुद्धा कळलं नाही, पण दुसऱ्या दिवशी हसण्यापुरतं कळलं. मोंतोबाँ इथून गाडीने तासाभरात येतं. तिथे जातोय म्हटलं की आजही कोणीतरी हमखास तो डायलॉग मारतंच, की मोंतोबाँ सोडून जायलाच नको होतं.

सदाशिवपेठी
सबटायटलवाल्यांनी या बोलीचं काय केलंय ते न विचारलेलं बरं. मी पाहिलेल्या कॉपीत तीन मिनिटं लोक तावातावाने बोलतात आणि खाली येतं 'हो, बरोबर आहे'.

चहाटळ
आमच्या घरी बाबा असंच भाषांतर करून सांगायचे आईचं बोलणं.

गवती_चहा
अभिनयाबद्दल मला फार कळत नाही. मी त्याच्याकडे वेगळ्या रस्त्याने पोचले.

माझा भाऊ ४१ वर्षांचा आहे, मतिमंद. (हल्ली बौद्धिक दिव्यांग म्हणायचं, आमच्या घरात अजून जुनाच शब्द आहे आणि त्यात प्रेमच आहे.) अठरा वर्षांपर्यंत शाळा होती, त्यानंतर एकदम काहीच नाही. एका संस्थेने वर्षभर यादीत नाव ठेवून शेवटी 'आमच्याकडे इतक्या मोठ्यांची सोय नाही' सांगितलं. आईबाबांचा प्रश्न एकच, आमच्यानंतर कोण? याचं वाचता वाचता कधीतरी मध्यरात्री 'पेर्स-नेज' हे नाव दिसलं आणि त्यामागे एका गुंडछाप चेहऱ्याच्या नटाचा फोटो.

लिनोला चार मुलं. त्यातली एक, लिंडा, जन्मतःच बौद्धिकदृष्ट्या अपंग. तेव्हाच्या फ्रान्समधेही अशा मुलांसाठी जवळजवळ काही नव्हतं, घरात दडवून ठेवायची पद्धत. डिसेंबर १९६५ मधे त्याने टीव्हीवर येऊन लोकांना आवाहन केलं, आणि १९६६ मधे बायको ओदेतबरोबर संस्था काढली. पेर्स-नेज म्हणजे बर्फातून डोकं वर काढणारं एक छोटं पांढरं फूल. संस्था आजही चालते, ठिकठिकाणी निवासी घरं आहेत, आणि मोठ्या झालेल्या, म्हाताऱ्या होत चाललेल्या लोकांसाठी सुद्धा आहेत. हा शेवटचा मुद्दा ज्यांच्या घरात असं कोणी आहे त्यांनाच कळेल.

त्यानंतर मी सिनेमे बघितले. पहिल्यांदा 'लार्मे देझ ओंब्र' बघताना मला सारखं वाटत होतं की या माणसाला घरी जायचंय, पण काम झाल्याशिवाय जाता येत नाहीये. तो अभिनय असेल किंवा नसेल.

शिळोप्या
@गवती_चहा, यावर काही लिहिण्यासारखं नाही. धन्यवाद लिहिल्याबद्दल. भावाला नमस्कार सांगा.

पॉपकॉर्न_आज्जी
पॉपकॉर्न खाली ठेवला गं बाई.

मुली, तुला व्यक्तिगत निरोप करते. आमच्या ओळखीतल्या पालकांनी मिळून एक घर सुरू केलंय, त्यांच्याशी बोल.

गवती_चहा
आज्जी, मिळाला निरोप. बोलते नक्की.

न्यूजर्सीचा_नाना
मला त्याच्या नागरिकत्वाचा भाग आवडतो. सात-आठ वर्षांचा असताना आलेला, भाषा त्यांची, बायको त्यांची, पैसा प्रसिद्धी सगळं तिथलं, आणि मरेपर्यंत फ्रेंच नागरिकत्व घेतलं नाही. इटालियन पासपोर्टवर राहिला. २००५ मधे फ्रेंच टीव्हीने 'सगळ्यात थोर फ्रेंच माणूस कोण' म्हणून लोकांची मतं घेतली त्यात हा तेविसावा! फ्रेंच नसून.

मी १९ वर्षं ग्रीनकार्डवर काढली, बायको रोज ओरडायची, शेवटी शपथ घेतली तेव्हा आईला फोनवर सांगताना आवाज फुटेना. तिकडे कोणी थोर वगैरे म्हणेल अशी शक्यता नाही, पण एक मत तरी पडायला हरकत नव्हती.

सदाशिवपेठी
@नाना, आम्ही मत दिलं असतं पण तुम्ही आता परदेशी.

अनुस्वार
युद्धातली गोष्ट पण यात येते. इटालियन नागरिक असल्याने त्याला मुसोलिनीच्या सैन्यात ओढलं होतं, तो तिथून पळाला आणि लपून राहिला. म्हणजे कागदोपत्री शत्रूदेशाचा, मनाने पॅरिसचा, आणि दोन्हीकडून लपलेला. लहानपणी इटालियन पोरांना तिथे 'रिताल' म्हणून हिणवायचे ते वेगळंच.

आता धागाकर्त्याच्या न्हाव्याकडे या. तो न्हावी म्हणजे सेर्ज रेज्जानी, मोठा नट आणि गायक. तो कुठला? रेज्जो एमिलियाचा. पार्मापासून तीस किलोमीटरसुद्धा नाही. म्हणजे फ्रेंच प्रतिकारावरच्या सगळ्यात मोठ्या सिनेमातल्या सगळ्यात गाजलेल्या प्रसंगात समोरासमोर कोण आहेत, तर एकमेकांच्या शेजारच्या गावात जन्मलेली दोन इटालियन पोरं. मेलव्हिलने मुद्दाम केलं का कल्पना नाही, पण आता तो सीन मला दुसऱ्या तऱ्हेने दिसत नाही.

शिळोप्या
@अनुस्वार, तीनदा पाहून मला हे माहीत नव्हतं. चौथ्यांदा आलं.

निशाचर
मेलव्हिलबद्दल कोणी लिहिलं नाही अजून. दोघांचं शूटिंगच्या वेळी बोलणं बंद होतं! आधीच्या 'ल दझ्येम सूफ्ल' (१९६६) पासून बिनसलं होतं. त्यात लिनोला धावत्या मालगाडीत चढायचं असतं, आणि असं म्हणतात की मेलव्हिलने त्याला न सांगता ड्रायव्हरला वेग वाढवायला लावला, कारण त्याला खरी धाप हवी होती. पैलवान भडकला. मग 'लार्मे' च्या वेळी दिग्दर्शक असिस्टंटला सांगणार, असिस्टंट जाऊन लिनोला सांगणार, दोघं दहा फुटांवर उभे.

आणि त्यातून हा सिनेमा निघालाय. त्यात हा जो एकटेपणा दिसतो तो बहुतेक तिथूनच आलाय.

बिनपाण्याची
निशाचर, तुम्ही माझ्याच बाजूने बोलताय हे लक्षात आलं का? धाप खरी, राग खरा, एकटेपणा खरा. मग अभिनय कुठाय? दिग्दर्शकाने खरं दमवलं आणि फिल्मवर घेतलं. याला शिकार म्हणतात.

निशाचर
अर्र. हो की.

मी_कोल्हापुरी
ताई, धाप खरी असंल पण ती दाबायची कुठं आणि सोडायची कुठं हे कोण ठरवतंय? दम लागलेला पैलवान समोरच्याला दम लागलाय हे कळू देत नाही. तेबी शिकायलाच लागतं, आणि शिकायला चार वर्षं जात्यात.

बिनपाण्याची
हम्म. हा मुद्दा घेते. विचार करून लिहिते.

तूलूजकर
पहिल्या सिनेमाचा किस्सा राहिला. 'तूशे पा ओ ग्रिस्बी', १९५४. दिग्दर्शक जाक बेकेरला गाबँच्या विरोधात उभा करायला एक इटालियन तोंडाचा दांडगट हवा होता, कोणीतरी या पैलवानाचं नाव सुचवलं. याला सिनेमात काडीचा रस नव्हता, म्हणून त्याने अवाच्या सवा पैसे मागितले की हे आपणहून जातील. ते हो म्हणाले! पडद्यावर गाबँसमोर उभं राहून त्याला धमकवायचं, आणि ते सुद्धा आयुष्यात पहिल्यांदा कॅमेरा बघून. गाबँचीही मधली वर्षं पडेल गेली होती, याच सिनेमाने तो परत वर आला. पुढे दोघांची दोस्ती शेवटपर्यंत, आणि दोस्तीत जेवण मोठं. लिनो स्वतः पास्ता करून घालायचा मित्रांना आणि तो नीट शिजला नसेल तर मूड जायचा म्हणे.

अवांतर: पडद्यावर चुंबन आणि प्रणयाचे सीन तो टाळायचा. बायको ओदेतशी लग्न १९४२ चं, शेवटपर्यंत टिकलेलं. फ्रेंच सिनेमात राहून हे म्हणजे कोकणात राहून मासे न खाण्यासारखं.

चहाटळ
कोकणात राहून मासे न खाणारे आम्ही आहोत. निषेध.

पॉपकॉर्न_आज्जी
मला त्याचा नट आलाँ देलाँबरोबरचा आवडतो, 'लेझाव्हँत्युरिये', १९६७. देलाँ किती देखणा, आणि बाजूला हा, दगडी पाटा. दोघांची मैत्री आणि मधे ती मुलगी, जोआना शिमकुस. तिला समुद्रात निरोप देतात ना, डायव्हरच्या पोशाखात, आणि ती हळूहळू खाली खाली जाते, ते मी कॉलेजात असताना फिल्म सोसायटीत पाहिलं आणि बसमधे रडत घरी गेले. त्यातला समुद्रातला किल्ला म्हणजे फोर्ट बोयार, पुढे त्याच्यावर टीव्हीचा गेम शो झाला. नातवाला तो शो माहीत आहे, सिनेमा नाही.

आणि ऐका, देलाँ रडला तर वाईट वाटतं. लिनो नुसता पाण्याकडे बघत राहिला तर पोटात खड्डा पडतो. माझ्यापुरतं उत्तर झालं.

अनुस्वार
विनोदी भूमिकेतला अजून एक सांगतो, 'लांमेर्दर' (१९७३). हा भाडोत्री मारेकरी, हॉटेलच्या खिडकीतून एकाला टिपायला आलाय. शेजारच्या खोलीत शर्ट विकणारा एक फिरता विक्रेता, बायको सोडून गेली म्हणून जीव द्यायला निघालेला. तो विक्रेता म्हणजे गायक जाक ब्रेल. चिकटतो तो चिकटतोच. इथे सुद्धा सगळी धावपळ ब्रेलची आणि लिनो फक्त सहन करतोय. पण बाई, तुमच्या परकाया प्रवेशाचं उत्तर इथे आहे. 'लार्मे' मधला झेर्बिए, म्हणजे त्यातली लिनोची भूमिका, आणि हा मारेकरी, दोघंही गप्प, दोघंही दगडी. पण झेर्बिए गप्प असतो तेव्हा तो हिशोब करतोय हे कळतं आणि इथे गप्प असतो तेव्हा याचं डोकं फिरायला लागलंय हे कळतं. तोच ओव्हरकोट, दोन माणसं.

न्यूजर्सीचा_नाना
हाच सिनेमा पुढे बिली वाइल्डरने अमेरिकेत केला, १९८१. वाइल्डरचा शेवटचा सिनेमा. बघू नका.

बिनपाण्याची
लिहिते म्हटलं होतं, तर लिहिते.

काल 'गार्द आ व्ह्यू' परत लावला. अनुस्वार म्हणाले तसं सेरो बोलताना फक्त व्हेंतुराकडे बघायचं ठरवलं. पहिली वीस मिनिटं मी जिंकत होते. मग एके ठिकाणी वकील काहीतरी लागट बोलतो आणि व्हेंतुरा उत्तर द्यायला तोंड उघडतो, आणि देत नाही. टेबलावरचा कागद सरळ करतो. मी रिवाइंड केलं. कागद आधीच सरळ होता.

मी अजूनही याला थोर नट म्हणणार नाही. परकाया प्रवेश माझ्यासाठी महत्त्वाचाच आहे आणि त्याला ते जमत नव्हतं किंवा करायचं नव्हतं. 'ले मिझेराब्ल' मधला (१९८२) त्याचा जाँ व्हाल्जाँ मला तसाच ठोकळेबाज वाटतो, नामांकन मिळालं असलं तरी. पण फर्निचर हा शब्द मागे घेते. आमच्या तालमीत या आठवड्यापासून मी एक नियम केलाय, समोरचा बोलत असताना हातातली वस्तू हलवायची नाही. पोरं वैतागलीयत.

मी_कोल्हापुरी
वस्ताद झाला की तुमचा, ताई.

सदाशिवपेठी
फर्निचर मागे घेतलं म्हणजे सागवान बाजारात परत आलं. भाव काय?

निशाचर
इटलीत परत जाऊन केलेले पण बघा कोणीतरी. इटालियन दिग्दर्शक रोझीचा १९७६ चा सिनेमा, फ्रेंच नाव 'कादाव्र एक्सकी', ज्यात एकामागून एक न्यायाधीश मारले जातात आणि हा तपास करतो. आणि 'सां जूर आ पालेर्म' (१९८४), त्यात हा जनरल दाल्ला किएझा झालाय, ज्यांना माफियाने सप्टेंबर १९८२ मधे पालेर्मोत मारलं. घटनेला दोन वर्षंही झाली नव्हती. पासपोर्ट न बदलणाऱ्या माणसाने शेवटाकडे येऊन आपल्या देशाचं हे दुखणं अंगावर घेतलं, याचं मला विशेष वाटतं.

शिळोप्या
धागा थंडावलाय तर शेवटचं लिहून टाकतो. अनुस्वारमुळे 'लार्मे' चौथ्यांदा लावला. बायको म्हणाली मी पण बसते.

तो गोळीबाराच्या बोगद्यातला प्रसंग आठवतोय ना. कैद्यांना लांबच लांब बोगद्यात उभं करतात, मागे मशीनगन. जर्मन अधिकारी सांगतो, पळा, जो टोकापर्यंत पोचेल तो आज वाचेल. झेर्बिए मनात ठरवतो की मी पळणार नाही, यांची करमणूक करणार नाही. बाकीचे पळतात. हा उभा. मग त्याच्या पायाजवळ गोळ्या झाडतात, आणि हा पळतो. इतका वेळ न हललेला माणूस पळतो, जड, पन्नाशीचा, ओव्हरकोटात. बोगद्यात वरून दोर सोडून साथीदार त्याला वाचवतात. पुढे गाडीत बसल्यावर त्याच्या डोक्यात एकच, मी पळालो नसतो तर? आणि त्या अधिकाऱ्याला इतकी खात्री कशी होती की मी पळेन?

मी बायकोकडे बघितलं. म्हटलं, आत्ता तरी काही केलं की नाही त्याने?

ती म्हणाली, "पळाला तेव्हा नाही. उभा होता तेव्हा."

मग म्हणाली सिनेमा थांबव, दूध उतू जातंय.

चहाटळ
गेलं का उतू?

शिळोप्या
अर्धं.